कचरापेटीचा लोगो असलेली आइस हॉकी टीम: डॅनबरी ट्रॅशर्स

नाचणीसत्त्व
नमस्कार मंडळी, बऱ्याच दिवसांनी धागा काढतेय, सांभाळून घ्या. दीड वर्षापूर्वी नवऱ्याच्या नोकरीमुळे आम्ही कनेक्टिकटला आलो, डॅनबरीपासून दहा मिनिटांवर. शेजारी एक सत्तरीचे आजोबा राहतात. हिवाळाभर त्यांच्या अंगात एकच हुडी, आणि तिच्यावर चित्र काय, तर रागाने लालबुंद झाल्यासारखी दिसणारी कचरापेटी. मला वाटलं नगरपालिकेचं स्वच्छता अभियान असेल, ह्यांना फुकट मिळाली असेल. मग किराणा दुकानात एका पोराच्या टोपीवर तीच कचरापेटी, पेट्रोल पंपावर एका बाईच्या गाडीवर तिचाच स्टिकर. शेवटी आजोबांना विचारलं तर म्हणाले, "ती आमची टीम." कधी असते मॅच? तर म्हणे, "२००६ साली बंद पडली."

मग रात्री नेटफ्लिक्सवरची डॉक्युमेंटरी बघितली आणि आम्ही दोघं थक्क. थोडक्यात सांगते. जिमी गॅलान्टे नावाचा कचरा वाहतुकीतला बडा माणूस. त्याने २००४ साली मायनर लीगमधली एक आइस हॉकी टीम काढली आणि तिचा प्रेसिडेंट आणि जनरल मॅनेजर केलं आपल्या मुलाला, ए. जे. गॅलान्टेला. मुलाचं वय १७. धंदा कचऱ्याचा म्हणून टीमचं नाव ट्रॅशर्स. टीम मारामारीसाठी (कु)प्रसिद्ध झाली, गाव वेडं झालं, आणि दोन सीझननंतर जून २००६ मध्ये एफबीआयच्या केसमध्ये एकूण २९ जणांवर आरोप ठेवले गेले, त्यात हा मालकही. टीम तिथेच संपली. २००८ मध्ये त्याने गुन्हा कबूल केला, ८७ महिन्यांची शिक्षा झाली.

आता माझा प्रश्न. दोन वर्षं टिकलेली टीम, एकही कप जिंकलेला नाही, मालक तुरुंगात. आपल्याकडे असं काही झालं असतं तर लोकांनी तो टी-शर्ट फरशी पुसायला घेतला असता. इथे वीस वर्षांनी अंगात घालून फिरतात. का?

उनाडपाऊस
घंटागाडी इलेव्हन!!! सीझन पास काढा माझा.

मुपो_टोरांटो
@उनाडपाऊस, इलेव्हन नाही हो, आइस हॉकीत बर्फावर एका बाजूचे सहाच असतात, गोलकीपर धरून. घंटागाडी षटक म्हणा.

उनाडपाऊस
चालेल. तीन ओला कचरा, तीन सुका कचरा.

बाळबोध
माझा बाळबोध प्रश्न, मायनर लीग म्हणजे लहान मुलांची लीग का? जनरल मॅनेजर तर मायनरच होता म्हणून विचारलं.

वाकडीतिकडी
@बाळबोध, हा हा. आमच्याकडे सतराव्या वर्षी बारावीचा फॉर्म भरायलासुद्धा बाबा शेजारी बसायचे, पेन पण त्यांचंच.

मुपो_टोरांटो
बाळबोध, नाही. मायनर म्हणजे खालच्या पायरीवरची. सगळ्यात वर एनएचएल (नॅशनल हॉकी लीग), जिथे स्टॅन्ली कप असतो आणि आमचं टोरांटो १९६७ पासून तो कप दुरूनच बघतंय (मीठ चोळू नका कोणी). तिच्याखाली एएचएल, मग ईसीएचएल, आणि त्याच्याही खाली अशा लीगा जिथे ट्रॅशर्स खेळायचे. त्यांची लीग युनायटेड हॉकी लीग, म्हणजे यूएचएल. १९९१ ला कोलोनियल हॉकी लीग म्हणून सुरू झाली, ९७ ला नाव बदललं, २००७ ला परत बदललं आणि २०१० ला गाशा गुंडाळला. ह्या पायरीवरच्या खेळाडूचं आयुष्य म्हणजे रात्रभर बसने प्रवास, सकाळी सराव, संध्याकाळी मॅच, आणि उन्हाळ्यात कुठेतरी रंगकाम नाहीतर सुतारकाम. एनएचएलमध्ये जाण्याची आशा बहुतेकांनी सोडलेली असते, पण बर्फ काही सुटत नाही.

आणि वर्ष कुठलं ते बघा. २००४-०५ ला एनएचएलमध्ये मालक आणि खेळाडू यांचं भांडण झालं, टाळेबंदी, अख्खा सीझन रद्द. त्यामुळे मोठे खेळाडू रिकामे बसले. माइक रप नावाचा खेळाडू, ज्याने २००३ च्या फायनलच्या सातव्या मॅचमध्ये न्यू जर्सी डेव्हिल्ससाठी कप जिंकून देणारा गोल मारला होता, तो दीड वर्षात कचरापेटीची जर्सी घालून डॅनबरीत खेळत होता. म्हणजे विचार करा, वर्ल्ड कप फायनलमध्ये विजयी रन काढणारा माणूस आपल्या तालुक्याच्या मैदानावर टेनिस बॉल टुर्नामेंटला.

आणखी एक गंमत. आइस हॉकीतला सचिन म्हणावा असा वेन ग्रेट्स्की, त्याचा धाकटा भाऊ ब्रेंट पण ट्रॅशर्सकडून खेळला. एनएचएलमध्ये दोघा भावांनी मिळून सर्वात जास्त पॉइंट (गोल आणि गोलला केलेली मदत मिळून) करण्याचा विक्रम ह्या ग्रेट्स्की बंधूंचा आहे. एकूण २८६१. त्यातले वेनचे २८५७ आणि ब्रेंटचे ४.

उनाडपाऊस
ब्रेंट म्हणजे आमच्या कॉलेजच्या ग्रुप प्रोजेक्टमधला मी.

पारसिपनीकर
नाचणीताई, धाग्याने एकदम वीस वर्षं मागे नेलंत. मी ह्या टीमची मॅच स्वतः बघितलीये, जानेवारी २००५. तेव्हा नवीन लग्न, न्यू जर्सीत एक बेडरूमचं घर, आणि ऑफिसातला एक सहकारी डॅनबरीचा. तो म्हणाला चल तुला हॉकी दाखवतो. मी म्हटलं अरे हॉकी मला काय दाखवतोस, आम्ही ध्यानचंदच्या देशातले. नुसता हसला.

हॉल छोटासा, फार तर तीनेक हजार माणसं, पण आवाज असा की छप्पर उडतंय की काय. एक कोपरा होता, सेक्शन १०२, तिथले लोक समोरच्या टीमच्या गोलकीपरची आईबहीण अशा लयीत काढत होते की वाटलं आरतीच चाललीये. पाच मिनिटं झाली नसतील, दोघांनी हातमोजे टाकले, हेल्मेट टाकली आणि एकमेकांचे शर्ट धरून दे दणादण. मला वाटलं आता पोलीस येणार. पंच बाजूला उभे राहून बघतायत! दोघं पडले तेव्हा कुठे सोडवलं, आणि शिक्षा काय तर पाच मिनिटं पेटीत बसा. बायको मला म्हणाली, "आपण तिकीट खेळाचं काढलं होतं ना?" नंतरच्या मारामारीला तीच उभी राहून ओरडत होती हे मी घरात अजून कोणाला सांगितलेलं नाही.

ब्रॅड विंगफील्ड म्हणून एक होता, टोपणनाव विंगनट. त्याचा पाय पहिल्या सीझनच्या सुरुवातीलाच मारामारीत मोडला. त्याचे किस्से लोक असे सांगायचे जसे आपल्याकडे गावातल्या जुन्या पैलवानाचे सांगतात, खरं किती, तिखटमीठ किती, देव जाणे.

अर्धीकपकॉफी
पॉपकॉर्न घेऊन बसलेय, पुढच्या भागाच्या प्रतीक्षेत.

मेंदूवाली
माफ करा, मूड बिघडवतेय, पण मला ह्यात मजा वाटत नाही. मी न्यूरोलॉजीत काम करते. ही "दे दणादण" करणारी माणसं, ज्यांना एन्फोर्सर म्हणतात, त्यांचं पुढे काय होतं ते बघा. डेरेक बूगार्ड एनएचएलमधला होता, २०११ ला २८ व्या वर्षी गेला, त्याच्या मेंदूत सीटीई सापडला, म्हणजे वारंवार डोक्याला मार बसून होणारी झीज. बॉब प्रोबर्ट २०१० ला गेला, त्याच्याही मेंदूत तेच. हे दोघं मोठे म्हणून आपल्याला कळलं. खालच्या लीगमधल्यांचे मेंदू कोण तपासणार? सतरा वर्षांच्या मुलाने टीव्हीवरच्या कुस्त्या बघून ठरवलं की मला असे गडी हवेत, बापाने आणून दिले. टाळ्या पब्लिकच्या, डोकी त्यांची.

मुपो_टोरांटो
मेंदूवाली, तुमचा मुद्दा मान्य, शंभर टक्के. माझा मुलगा हॉकी खेळतो आणि पहिल्यांदा त्याला बोर्डवर (बर्फाभोवतीच्या कठड्यावर) आपटलेलं बघितलं तेव्हा माझा घास घशात अडकला होता. पण एक दुरुस्ती. ट्रॅशर्स म्हणजे नुसते पैलवान होते असं नाही. दुसऱ्या सीझनला, २००५-०६ ला, ते फायनलपर्यंत गेले, कलमझू विंग्जकडून हरले. नुसते ठोसे मारून फायनल गाठता येत नाही, चांगले स्केटर, चांगले गोल मारणारे लागतात. आणि ते स्वस्तात मिळत नाहीत, तिथेच तर खरी गोम आहे.

ताळेबंद
गोम माझ्याकडे सोपवा, माझा धंदाच तो. (सीए आहे, फी मागणार नाही.)

यूएचएलमध्ये पगाराची मर्यादा होती, म्हणजे प्रत्येक टीमने सगळ्या खेळाडूंवर मिळून सीझनला किती खर्च करायचा त्याची लक्ष्मणरेषा. ती होती २ लाख ७५ हजार डॉलर. वीसेक खेळाडू धरले तर माणशी चौदा हजारही पडत नाहीत. ट्रॅशर्सचा खरा खर्च साडेसात लाखांच्या घरात होता असं सरकारी वकिलांचं म्हणणं. म्हणजे पावणेतीन पट. मग वरचे पैसे दाखवायचे कुठे? तर गॅलान्टेच्या कचऱ्याच्या कंपन्यांत खेळाडू किंवा खेळाडूंच्या बायका नोकरीला दाखवायच्या. ऑफिसात जायचं नाही, टेबल नाही, खुर्ची नाही, चेक मात्र वेळेवर. आणि लीगला पाठवायची पगारपत्रकं वेगळी. हीच खोटी कागदपत्रं त्याला भोवली, कबूल केलेल्या गुन्ह्यांमध्ये लीगला फसवणं हा एक गुन्हा होता, टॅक्सवाल्यांना फसवणं हा दुसरा.

मला ह्यात हसू येतं ते ह्याचं की एवढा मोठा कचऱ्याचा कारभार, फोन टॅप होतायत, आणि आरोपपत्रात मायनर लीग हॉकीचे पगार! आमच्या क्षेत्रात एक म्हण होऊ शकेल, मोठ्या पातेल्यातलं खपलं आणि वाटीतलं सांडलं.

बाळबोध
हजेरीपटावर सही एकाची आणि पगार दुसऱ्याचा, हे आमच्या गावच्या रोजगार हमीत आजोबांनी बघितलेलं, त्यासाठी अमेरिकेला जायला नको.

वाकडीतिकडी
"ऑफिसात जायचं नाही, चेक मात्र वेळेवर." कुठे अर्ज करायचा? विचारतेय मैत्रिणीसाठी.

खडकीकर
हॉकीचा विषय निघाला आणि मी गप्प बसेन असं होणार नाही. बर्फ गेला खड्ड्यात, आमच्या खडकीने धनराज पिल्ले दिलाय. (अवांतर होतंय, होऊ दे.)

नाचणी, तू म्हणतेस आपल्याकडे लोकांनी फरशी पुसली असती. अगं टी-शर्ट असता तर पुसली असती! २००५ ला आपल्याकडे प्रीमियर हॉकी लीग निघाली, त्यात मराठा वॉरियर्स नावाची टीम, धनराज तिच्यात. २००८ ला लीगच बंद. आज पुण्यात दहा जणांना विचार, नऊ जण म्हणतील मराठा वॉरियर्स हा कुठला ढोलताशा पथक आहे का. मग २०११ ला आयपीएलमध्ये पुणे वॉरियर्स आली, ३७ कोटी डॉलरची बोली, गहुंजेला नवं कोरं स्टेडियम, २०१३ ला खलास. मग २०१६ ला रायझिंग पुणे सुपरजायंट्स, पुढच्या वर्षी नावातला शेवटचा 'स' काढून टाकला, फायनलला गेले आणि मुंबईकडून एका रनने हरले. एका रनने! तो 'स' ठेवला असता तर मिळाला असता तो रन. माझ्या कपाटात दोन्ही टीमचे टी-शर्ट आहेत, आणि हो, एकाने स्कूटर पुसतो.

उनाडपाऊस
मुंबईकर म्हणून ह्या प्रतिसादावर फक्त एक रन... आपलं, एक लाइक.

खडकीकर
हलकेच घेतलंय. पण विसरणार नाही.

पारसिपनीकर
@खडकीकर, तुमच्या उदाहरणात थोडं उत्तर आहे असं वाटतं. पुणे वॉरियर्स लखनौच्या कंपनीची, खेळाडू लिलावातले, दोन महिने येणार आणि जाणार. डॅनबरीचे खेळाडू गावातच राहायचे. सहकारी सांगायचा, मॅचनंतर ज्याने ठोसे मारले तोच बारमध्ये शेजारच्या स्टूलवर डोळ्यावर बर्फ धरून बसलेला असायचा. जिमी गॅलान्टे पण तिथलाच, कुणाच्या शाळेच्या टीमला पैसे दिले, कुणाच्या अडचणीला उभा राहिला, अशा गोष्टी गावात सांगितल्या जायच्या.

तिरकसच
आलं का ते. "गरिबांना मदत करायचा हो." प्रत्येक गल्लीतल्या दादाबद्दल हेच ऐकत मोठे झालोय, गणपतीची वर्गणी सगळ्यात जास्त त्याची, मंडपावर फोटो त्याचा.

जरा कचऱ्याचं पण बोलूया का? हॉकी हॉकी करताना केस मूळ कशाची होती ते सगळे विसरले. ह्या कचरा उचलणाऱ्या कंपन्यांनी आपसात गिऱ्हाइकं वाटून घेतली होती. हे दुकान तुझं, ते हॉटेल माझं, मी तुझ्या गिऱ्हाइकाला कमी भाव सांगायचा नाही, तू माझ्या. त्या धंद्यात त्याला चक्क मालमत्ता हक्क म्हणायचे. म्हणजे तुमचा कचरा ही त्यांची प्रॉपर्टी. कोणी मध्ये घुसला तर धाकदपटशा. आणि हे सगळं शिस्तीत चालावं म्हणून दर तीन महिन्यांनी ३० हजार डॉलर मॅथ्यू इआनिएलोला, न्यूयॉर्कच्या जेनोवीज माफिया कुटुंबातला ऐंशी पार केलेला म्हातारा, टोपणनाव "द हॉर्स". वर्षाचे १ लाख २० हजार. हा खर्च कोणाच्या बिलातून निघत होता? पिझ्झावाल्याच्या, शाळेच्या, दवाखान्याच्या. लोकांना वाटलं शेठजींनी आम्हाला टीम दिली. अरे बाबांनो तुमच्याच कचऱ्याच्या बिलातून दिली, वर तिकिटाचे पैसे वेगळे घेतले!

ताळेबंद
@तिरकसच, कडक. एक भर घालतो. फसलेले अजून एक होते, त्यांच्याबद्दल कोणी बोलत नाही. त्याच लीगमधल्या बाकीच्या टीम, ज्या इमानदारीत पावणेतीन लाखांत घर चालवत होत्या. तिथला एखादा मालक हिशेब जुळत नाही म्हणून चांगला खेळाडू सोडून देतो, आणि समोर ट्रॅशर्स पावणेतीन पट खर्चून त्याला ठोकतात. तरी कप मिळाला नाही हा भाग वेगळा.

अर्धीकपकॉफी
पण ताळेबंद, खेळाडूच्या बाजूने बघा ना. चौदा हजार डॉलरमध्ये अमेरिकेत बायकापोरांसकट कसं भागणार? मालकांनी मिळून ठरवलं की आम्ही ह्याच्या वर देणार नाही, तर ते कायदेशीर. एकाने जास्त दिले तर तो फ्रॉड. कचरेवाले आपसात भाव ठरवतात तो गुन्हा आणि हॉकीवाले आपसात पगार ठरवतात तो नियम. मला तरी दोन्ही एकाच माळेचे मणी वाटतात.

ताळेबंद
बाई, तुम्ही वकील आहात का? उत्तर आहे माझ्याकडे, पण सुचायला वेळ लागेल.

मुपो_टोरांटो
मी सांगतो. मर्यादा नसेल तर एक श्रीमंत माणूस येतो, सगळे चांगले खेळाडू उचलतो, बाकी सहा टीम दोन वर्षांत बुडतात, मग त्याला खेळायला कोणी उरत नाही. लीगला समोरचा जिवंत लागतो. कचऱ्याला काय, तो रोज येतोच. पण अर्धीकप, नोकरीवर न जाता चेक घेणाऱ्या त्या बायकांबद्दल मला राग येत नाही हे कबूल करतो.

इतिहासवेडी
सगळे माणसांवर बोलतायत, मी गावावर बोलते. डॅनबरी हे टोप्यांचं शहर, हॅट सिटी. एकोणिसाव्या शतकात तिथे टोप्यांचे कारखानेच कारखाने. फेल्ट तयार करताना पारा वापरायचे, कामगारांचे हात थरथरायला लागायचे, त्या थरथरीला नावच पडलं होतं डॅनबरी शेक्स. कनेक्टिकटने पाऱ्यावर बंदी घातली ती १९४१ ला. मग लोकांनी टोप्या घालणंच सोडलं, कारखाने गेले. आणि हॉकीचं म्हणाल तर कनेक्टिकटची स्वतःची एनएचएल टीम होती, हार्टफर्ड व्हेलर्स. ती १९९७ ला उचलून नॉर्थ कॅरोलिनाला नेली. सात वर्षं राज्यात एनएचएलची टीम नाही, आणि तुमच्या घरापासून दहा मिनिटांवर कोणीतरी टीम काढतो, आणि ती सगळ्यांना झोडपते. एवढं पुरेसं आहे हो. व्हेलर्सची जर्सीही लोक अजून घालतातच की, तिथे तर कोणी माफिया नव्हता.

अजून एक, राहवत नाही म्हणून. २०२० मध्ये टीव्हीवरच्या विनोदवीर जॉन ऑलिव्हरने डॅनबरीला शिव्या घातल्या. महापौराने चिडून न जाता गावातल्या सांडपाणी प्रकल्पाला त्याचं नाव द्यायचं ठरवलं आणि खरंच दिलं! उद्घाटनाला तो स्वतः आला. कचऱ्याची टीम, गटाराला पाहुण्याचं नाव. ह्या गावाला घाणीची लाज वाटत नाही, ते तिचा बिल्ला करून छातीवर लावतं.

खडकीकर
हे गाव मला आवडायला लागलंय. खडकीचं सिस्टर सिटी करा.

बाळबोध
अवांतर: पुण्यात कचरा वेचणाऱ्यांची स्वतःची संघटना आहे, कागद काच पत्रा कष्टकरी पंचायत, १९९३ पासून. आणि दारोदार कचरा गोळा करणारी "स्वच्छ" त्यातूनच उभी राहिली. तिथे कचऱ्यावरचा हक्क म्हणजे वेचणाऱ्या बाईचा हक्क. तिरकसदादांनी सांगितलेल्या "मालमत्ता हक्का"च्या अगदी उलट. टीम काढायची तर त्यांनी काढावी, मी जर्सी घेईन.

मेंदूवाली
बाळबोध +१. धाग्यातलं हे पहिलं वाक्य ज्यावर मला काही म्हणायचं नाही.

वाकडीतिकडी
त्या मुलाचं काय झालं पुढे? सतराव्या वर्षी टीम, एकोणिसाव्या वर्षी टीम गेली, नंतर बाप आत.

पारसिपनीकर
ए. जे. अजून डॅनबरीतच आहे, बॉक्सिंग जिम चालवतो आणि बॉक्सरांचा मॅनेजर आहे. म्हणजे मारामारी सुटली नाही, फक्त आता स्केट काढले. डॉक्युमेंटरीनंतर ट्रॅशर्सचे टी-शर्ट परत विकायला आले, त्यामुळे नाचणीताई, दुकानातल्या पोराची टोपी नवीन असण्याची शक्यता जास्त. आजोबांची हुडी मात्र बघा, गळ्याशी विरलेली असेल तर अस्सल.

आणि मुलाबद्दल एक म्हणतो. लोक त्याला बापाचं लाडावलेलं कार्टं म्हणतात, असेलही, पण नाव त्याने ठेवलं, खेळाडू त्याने निवडले, ते येऊन खेळलेही. मला सतराव्या वर्षी गल्लीतल्या क्रिकेटसाठी अकरा जण जमवता यायचे नाहीत.

तिरकसच
अकरा जणांना घरबसल्या पगार दिला असता तर जमले असते काका.

पारसिपनीकर
हे मात्र खरं.

नाचणीसत्त्व
बाप रे, दोन दिवस इकडे आले नाही तर एवढे प्रतिसाद! सगळे वाचले. तिरकसच यांचा बिलाचा मुद्दा मला एवढा पटला की काल बर्फ काढताना शेजारआजोबा भेटले तेव्हा सरळ विचारलंच. म्हटलं आजोबा, तुम्ही तेव्हा काय करायचात? तर त्यांचं छोटं सँडविचचं दुकान होतं, २०१० ला विकलं. म्हणजे आपल्या धाग्यातला पिझ्झावाला समजा. मी म्हटलं, मग तुमच्याच कचऱ्याच्या बिलातून ती टीम चालली, राग नाही येत? हसले. म्हणाले, बिल जास्तच होतं, सगळ्यांना माहीत होतं. कुठल्या कंपनीची गाडी यायची तेही आता आठवत नाही म्हणे. पण टीमच्या आधी पण बिल तेवढंच होतं आणि टीम गेल्यावर पण फार काही उतरलं नाही. मधली दोन वर्षं फक्त शुक्रवारी रात्री जायला जागा होती.

मग म्हणाले, बायको तेव्हा आजारी होती, तिला सेक्शन १०२ च्या शिव्या फार आवडायच्या, घरी येऊन नक्कल करायची. हुडी तिची आहे. मापाला मोठीच घ्यायची म्हणे ती नेहमी.

मी काय बोलणार त्याच्यावर. फावडं घेतलं आणि त्यांच्या पायऱ्यांवरचा बर्फ काढून दिला.

तिरकसच
ठीक आहे. आजोबांना सूट. गॅलान्टेला नाही.

मेंदूवाली
मलाही चालेल. मारामारीवरचं मत तेच.

मुपो_टोरांटो
नाचणी, डॅनबरीत आता पण टीम आहे हे माहितीये ना? ट्रॅशर्सनंतर तिथे मॅड हॅटर्स आली, मग २०१० ते १५ डॅनबरी व्हेलर्स, मग टायटन्स दोन वर्षं, आणि २०१९ पासून हॅट ट्रिक्स, ज्यांनी २०२३ ला त्यांच्या लीगचा कपसुद्धा जिंकला. हॉल तोच. म्हणजे जी जिंकली तिची टोपी दुकानात दिसत नाही, आणि जी हरली तिची दिसते, हा तुझ्या धाग्याचा दुसरा भाग होऊ शकतो.

नाचणीसत्त्व
माहिती होतं, पण पोस्टर कधी नीट वाचलं नव्हतं. आता आजोबांना घेऊन जाऊ म्हणतेय शनिवारी. नवरा म्हणतोय कानाला मफलर बांध, मी म्हटलं थंडीसाठी की शिव्यांसाठी.

पारसिपनीकर
आम्ही दोघं येतो. सव्वा तासाचा रस्ता आहे. सौ. आत्ताच विचारतेय सेक्शन १०२ मध्ये जागा मिळेल का.

उनाडपाऊस
गुपित फुटलं काका!

खडकीकर
मराठा वॉरियर्सचा टी-शर्ट कोणाकडे असेल तर सांगा, पोस्टाचा खर्च मी देतो. स्कूटर पुसणार नाही, शप्पथ.